नेग्री, पोला

नेग्री, पोला : (३ जानेवारी १८९७ – १ ऑगस्ट १९८७). मूकपटांच्या काळातील जगप्रसिद्ध पोलिश चित्रपट-अभिनेत्री. मूळ नाव बार्बारा आपोलोनिया हावूपियेत्स. जन्म पोलंडमधील लिप्नो या गावी. तिची कारकीर्द वॉर्सा, बर्लिन व हॉलिवुड या तीन चित्रपटकेंद्रांत विभागलेली आहे. यूरोपीय चित्रपटांतून कीर्ती मिळवून हॉलिवुडच्या निमंत्रणावरून अमेरिकेत गेलेल्या अभिनेत्रींत तिचे स्थान अग्रेसर मानले जाते. मूकपटाला भाषेचे बंधन नव्हते. त्यामुळे पोलंडमधील एका नर्तकीला जर्मन चित्रपटांद्वारे अमेरिकन प्रेक्षकांपर्यंत पोहोचता आले. पुढे बोलपट आला आणि देशादेशांतील भाषेच्या भिंती चित्रपटातही उभ्या राहिल्या. नेग्रीच्या कारकीर्दीचा उत्कर्ष आणि उतार या दोहोंच्या मुळाशी ही घटना आहे.

तिच्या जन्माच्या वेळी पोलंड हे स्वतंत्र राष्ट्र नव्हते. अठराव्या शतकाच्या अखेरीस त्याची फाळणी झालेली होती व लिप्नो हे गाव रशियन साम्राज्यात मोडत होते. वडील स्लोव्हाक वंशाचे कथिलकाम करणारे कारागीर, तर आई पोलिश. ती लहान असतानाच वडिलांना रशियन अधिकाऱ्यांनी अटक केली व त्यांना सायबीरियात पाठविण्यात आले, असे तिने आत्मचरित्रात सांगितले आहे. त्यानंतर आई तिला घेऊन वॉर्सा येथे आली. तेथील तिचे बालपण अत्यंत हलाखीत गेले. नृत्याची उपजत आवड असल्याने तिला वॉर्सातील शाही नृत्यशाळेत प्रवेश मिळाला. चायकॉव्हस्कीच्या स्वान लेक या बॅलेतील हंसांच्या पिलांच्या नृत्यात तिने भाग घेतला होता. तथापि क्षयरोगामुळे तिला नृत्य कायमचे सोडावे लागले. प्रकृती सुधारण्यासाठी ती पर्वतमय प्रदेशातील झाकोपाने येथील आरोग्यधामात राहिली. तेथील वास्तव्यात तिच्या वाचनात इटालियन कवयित्री आदा नेग्री हिच्या कविता आल्या. त्यांनी प्रभावित होऊन तिने ‘नेग्री’ हे नाव उचलले आणि ‘आपोलोनिया’ या स्वतःच्या नावाचा संक्षेप करून ‘पोला नेग्री’ हे रंगभूमीवरील नाव धारण केले. नृत्य सुटले, तरी नृत्यामुळे शरीराला लागलेले वळण सुटले नाही. पुढील काळात तिच्या अभिनयाचे ते प्रमुख भांडवल ठरले.

वॉर्सा येथे नाट्यशिक्षण घेतल्यानंतर तिने रंगभूमीवर पदार्पण केले. आलेक्सांडर फ्रेड्रो या पोलिश नाटककाराच्या श्लूबी पान्येंस्क्ये (म. शी. ‘कुमारिकांच्या शपथा’) या सुखात्मिकेतील आन्येला ही तिची आरंभीची भूमिका होय. गेर्हार्ट हाउप्टमान या जर्मन नाटककाराच्या नाटकातही तिने काम केले. त्यानंतर जर्मन दिग्दर्शक माक्स राइनहार्ट याच्या हाताखाली काम केलेल्या रिशार्द ऑर्डिन्स्की याने वॉर्सात सुमुरुन ही पौर्वात्य वातावरणाची मूकनाटिका सादर केली. तीत नर्तकीची भूमिका नेग्रीला मिळाली. संवादांवाचून, केवळ देहबोलीच्या आधारे प्रदीर्घ भूमिका उभी करण्याचा हा अनुभव तिला मूकपटाच्या उंबरठ्यावर नेणारा ठरला.

वॉर्सातील ‘स्फिंक्स’ या चित्रपटसंस्थेचा चालक आलेक्सांडर हेर्ट्स याने तिला चित्रपटात आणले. नेवोल्नित्सा झ्मिस्वूफ (१९१४ म. शी. ‘वासनांची दासी’) हा तिचा पहिला चित्रपट. पहिले महायुद्ध सुरू झालेले असताना व वॉर्सा शहर रशियनांच्या ताब्यातून जर्मनांच्या ताब्यात गेलेले असतानाही तिचे चित्रपट एकामागून एक तयार होत होते. या काळातील तिच्या पोलिश चित्रपटांपैकी बेस्तिया (१९१७ म. शी. ‘श्वापद’) हा एकच चित्रपट आज उपलब्ध आहे. घर सोडून शहरात आलेल्या व नर्तकी बनलेल्या तरुणीची ही शोकांतिका आहे. कथा साधी व अतिरंजित असली, तरी विशीतील या अभिनेत्रीचा कॅमेऱ्यासमोरील निःसंकोच वावर तीत स्पष्टपणे दिसतो. नेग्री जगप्रसिद्ध झाल्यावर १९२१ मध्ये हा चित्रपट अमेरिकेतही दाखविण्यात आला.

राइनहार्टच्या सुमुरुनच्या बर्लिनमधील प्रयोगासाठी १९१७ मध्ये तिला पाचारण करण्यात आले. बर्लिन हे त्या वेळी जर्मन रंगभूमीचे व नव्याने वाढणाऱ्या चित्रपटव्यवसायाचे केंद्र होते. त्याच वर्षाच्या अखेरीस ‘ऊफा’ ही प्रचंड चित्रपटसंस्था तेथे स्थापन झाली. नेग्रीच्या आरंभीच्या जर्मन चित्रपटांत मानिया (१९१८) व डेअर गेल्ब शाइन (१९१८ म. शी. ‘पिवळा परवाना’) हे उल्लेखनीय आहेत. दुसऱ्या चित्रपटात तिने वॉर्सातून सेंट पीटर्झबर्गला वैद्यकाच्या शिक्षणासाठी गेलेल्या तरुणीची भूमिका केली. झारच्या राजवटीत ज्यू स्त्रीला त्या शहरात राहण्यासाठी वेश्यांना दिला जाणारा पिवळा परवाना घ्यावा लागे, या अन्यायावर त्याचे कथानक आधारलेले आहे.

बर्लिनमध्येच तिची एर्न्स्ट लूबिच या दिग्दर्शकाशी गाठ पडली. लूबिच हा तोवर मुख्यतः विनोदी नट व प्रहसनांचा दिग्दर्शक म्हणून ओळखला जाई. त्याने नेग्रीला नायिका करून डी आउगेन डेअर मूमिए मा (१९१८ म. शी. ‘मा या ममीचे डोळे’) व कारमेन (१९१८) हे गंभीर प्रकृतीचे चित्रपट काढले. एमील यानिंग्ज व हारी लीट्के हे तिचे सहकलाकार होते. या जोडीचा सर्वांत गाजलेला चित्रपट म्हणजे मादाम द्यूबारी (१९१९). टोप्या विकणाऱ्या दुकानातील उमेदवार मुलगी ते फ्रान्सचा राजा पंधरावा लूई याची प्रेयसी आणि अखेर राज्यक्रांतीत गिलोटीनखाली जाणारी स्त्री, असा नायिकेचा जीवनपट त्यात आहे. भव्य नेपथ्य व शेकडो लोकांचा समूह यांमुळे चित्रपट दिपवून टाकणारा झाला. तथापि या भव्यतेत नायिका हरवून गेली नाही, हे नेग्रीचे यश होय. दुकानातील खट्याळ मुलगी, दरबारातील मानिनी व वधस्तंभापाशी भयाने कोसळलेली स्त्री ही एकाच व्यक्तीची तीन रूपे तिने चाल, मान व हात यांच्या बदलत्या लकबींतून वेगवेगळी दाखविली.

मादाम द्यूबारीला ऐतिहासिक महत्त्वही आहे. महायुद्धानंतर अमेरिकेत जर्मन मालाविषयी व जर्मन चित्रपटांविषयी तीव्र विरोध होता. म्हणून १९२० च्या डिसेंबरमध्ये न्यूयॉर्कमधील कॅपिटॉल चित्रपटगृहात हा चित्रपट पॅशन या नावाने दाखविण्यात आला आणि जाहिरातीत त्याच्या जर्मन उगमाचा गाजावाजा टाळण्यात आला. त्यास विलक्षण गर्दी लोटली. जर्मन चित्रपटांना अमेरिकेचा दरवाजा त्यामुळे पुन्हा खुला झाला. त्याच्या पाठोपाठ कारमेन व अन्य चित्रपटही तेथे नव्या नावांनी दाखविले गेले. युद्धाने दुरावलेल्या दोन देशांत पहिला दुवा जुळला, तो असा एका पोलिश अभिनेत्रीच्या चित्रपटाने.

लूबिच-नेग्री यांच्या पुढील चित्रपटांपैकी सुमुरुन (१९२०) मध्ये राइनहार्टचीच मूकनाटिका पडद्यावर आली. त्यात नेग्री नर्तकी व स्वतः लूबिच तिच्यावर अनुरक्त झालेला कुबडा विदूषक अशा भूमिका आहेत. डी बेर्गकाट्सं (१९२१ म. शी. ‘रानमांजर’) हे लष्करशाहीची टर उडविणारे प्रहसन होते. दरोडेखोरांच्या टोळीतील रांगड्या मुलीची विनोदी भूमिका नेग्रीने त्यात वठविली. नुकतेच युद्ध हरलेल्या जर्मन प्रेक्षकांना हा विनोद रुचला नाही आणि चित्रपट अयशस्वी ठरला. पुढील समीक्षकांनी मात्र त्याची गणना लूबिचच्या उत्कृष्ट मूकपटांत केली आहे. केवळ शोकात्म व शृंगारिक भूमिकांपुरतेच नेग्रीचे सामर्थ्य मर्यादित नव्हते, याचा तो पुरावा होय.

पॅशनच्या यशानंतर अमेरिकेतील पॅरामाउंट चित्रपटांच्या निर्मात्यांनी तिच्याशी करार केला आणि १९२२ च्या सप्टेंबरमध्ये ती न्यूयॉर्कला पोहोचली. त्याच वर्षाच्या अखेरीस लूबिचही मेरी पिकफर्डच्या निमंत्रणावरून अमेरिकेस गेला, परंतु दोघांचे मार्ग वेगळे होते. हॉलिवुडमध्ये त्या वेळी पुरुषांना मोहात पाडून त्यांचा सर्वनाश करणारी ‘व्हँप’ ही स्त्रीव्यक्तिरेखा लोकप्रिय होती. नेग्रीचा पांढराफटक चेहरा, काळेभोर केस व भेदक डोळे पाहून निर्मात्यांनी तिला त्याच साच्यात बसविले. बेला डॉना (१९२३) व द चीट (१९२३) हे जॉर्ज फिट्समॉरिसने दिग्दर्शित केलेले तिचे पहिले अमेरिकन चित्रपट. त्यांत वेशभूषा व प्रकाशयोजना यांचा झगमगाट भरपूर होता, मात्र जर्मन चित्रपटांतील तिचा रांगडा जिवंतपणा बराचसा मावळला. हर्बर्ट ब्रेनन दिग्दर्शित द स्पॅनिश डान्सर (१९२३) मध्ये तो काही अंशी परत दिसला. योगायोग असा, की त्याच कथेवर लूबिचने त्याच वर्षी मेरी पिकफर्डला घेऊन रोझिता हा चित्रपट काढला. अमेरिकेत लूबिच व नेग्री एकदाच एकत्र आले, ते फॉरबिडन पॅरडाइस (१९२४) या चित्रपटात. रशियाची सम्राज्ञी कॅथरिन हिच्या प्रेमप्रकरणांवरील या उपरोधिक सुखात्मिकेत नेग्रीने सत्ता आणि चंचलता यांचे मिश्रण मोठ्या कौशल्याने दाखविले.

तिच्या अमेरिकन चित्रपटांत हॉटेल इंपीरिअल (१९२७) हा श्रेष्ठ मानला जातो. स्वीडिश दिग्दर्शक मॉरिट्स स्टिलर व जर्मन निर्माता एरिख पॉमर हे त्याचे सूत्रधार होते. महायुद्धात रशियनांनी व्यापलेल्या गॅलिशियातील एका सीमावर्ती गावातील हॉटेलात हे कथानक घडते. शत्रूच्या वेढ्यात सापडलेल्या ऑस्ट्रियन सैन्यातील अधिकाऱ्याला लपविणारी तेथील मोलकरीण ही नेग्रीची भूमिका. भरजरी पोशाख व दागिने यांना येथे वाव नव्हता. साध्या वस्त्रांत, माफक हावभावांनी तिने भीती, संशय व निर्धार या भावना व्यक्त केल्या. छतावरील रुळांवरून फिरणाऱ्या कॅमेऱ्याने हॉटेलच्या खोल्याखोल्यांतून तिचा माग घेतला असून, चलत्‌छायाचित्रणाच्या दृष्टीनेही हा चित्रपट महत्त्वाचा आहे. रोलंड ली याच्या बार्बड वायर (१९२७) मध्ये तिने जर्मन युद्धकैद्यावर प्रेम करणाऱ्या फ्रेंच शेतकरी मुलीची भूमिका केली. हे दोन्ही चित्रपट युद्धाच्या छायेत वाढलेल्या यूरोपातील आहेत. ते जग नेग्रीच्या अनुभवातील होते, हे तिच्या अभिनयाच्या सच्चेपणावरून जाणवते.

याच काळात तिच्या कलेपेक्षा तिच्या खाजगी जीवनाची चर्चा अधिक होऊ लागली. चार्ली चॅप्लिनशी १९२३ मध्ये जाहीर झालेला व लवकरच मोडलेला वाङ्‌निश्चय, ग्लोरिया स्वॉन्सन या अभिनेत्रीशी असलेली कथित स्पर्धा, तिचे फेटे व रंगविलेली नखे यांची वर्णने वृत्तपत्रांतून सतत येत. त्यांतील बराच भाग चित्रपटसंस्थेच्या प्रसिद्धिखात्याने फुगविलेला होता. तिच्या जन्मवर्षाविषयीही निरनिराळे आकडे छापले गेले. तीही या प्रसिद्धीला हातभार लावीत असे. अभिनेता रूडॉल्फ व्हॅलेंटिनो २३ ऑगस्ट १९२६ रोजी न्यूयॉर्क येथे अकस्मात मरण पावला. तेव्हा आपण त्याची वाग्दत्त वधू असल्याचे सांगत नेग्री कॅलिफोर्नियाहून रेल्वेने तेथे गेली व शवपेटीजवळ छायाचित्रकारांच्या समक्ष मूर्च्छित पडली. तिचे दुःख खरे की दिखाऊ याविषयी लोकांत कुजबुज सुरू झाली. मे १९२७ मध्ये तिने जॉर्जियातील सर्ज म्दिवानी याच्याशी विवाह केला, तेव्हा या संशयाला बळकटी मिळाली. तिचा पहिला विवाह पोलिश उमराव एउगेनिउश दोंब्स्की याच्याशी १९१९ मध्ये झाला होता व तो १९२२ मध्ये संपुष्टात आला होता. दुसऱ्या विवाहाची परिणतीही १९३१ मध्ये घटस्फोटात झाली. ज्या प्रसिद्धीने तिला देवतेचे स्थान दिले, त्याच प्रसिद्धीने पुढे तिच्यावरील विश्वास ढासळविला. हॉटेल इंपीरिअलसारखा दर्जेदार चित्रपट हाती असतानाच तिची लोकप्रियता ओसरू लागली, ही यातील विसंगती होय.

द जॅझ सिंगर (१९२७) नंतर हॉलिवुडमध्ये बोलपटांचे युग सुरू झाले. पॅरामाउंटशी असलेला तिचा करार १९२८ मध्ये संपला. इंग्लंडमध्ये पाउल त्सिनर याच्या दिग्दर्शनाखाली केलेला द वे ऑफ लॉस्ट सोल्स (१९२९) हा तिचा अखेरचा मूकपट. अ वुमन कमांड्स (१९३२) या पहिल्या अमेरिकन बोलपटात तिचा खर्जातील, भारदस्त आवाज ऐकू आला. त्यातील ‘पॅरडाइस’ हे गीत लोकप्रिय झाले, पण चित्रपट पडला. तिच्या इंग्रजी उच्चारांतील परदेशी ढब हे त्याचे एक कारण म्हणून सांगण्यात येते. तथापि ग्रेटा गार्बोची ढबही परदेशीच होती आणि प्रेक्षकांनी ती स्वीकारली. भाषेइतकाच अभिरुचीतील बदलही येथे लक्षात घ्यावयास हवा. मूकपटातील ठसठशीत, उत्कट अभिनय बोलपटाच्या प्रेक्षकांना जुनाट वाटू लागला होता व नेग्रीची प्रतिमा त्याच अभिनयाशी निगडित झालेली होती.

यूरोपात परतल्यावर फानातिस्म (१९३४) या फ्रेंच चित्रपटानंतर तिने बर्लिनमध्ये विली फोर्स्ट दिग्दर्शित माझुर्का (१९३५) हा चित्रपट केला. ज्या पुरुषाने आपले आयुष्य उद्ध्वस्त केले, तोच आपल्या मुलीलाही फसवू पाहत असल्याचे दिसताच त्याला गोळी घालणारी व न्यायालयात मुलीच्या हितासाठी मौन पाळणारी गायिका तिने त्यात उभी केली. प्रौढ वयातील, संयत अभिनयाची ही भूमिका तिच्या बोलपटांतील सर्वोत्कृष्ट गणली जाते. हॉलिवुडने त्यावरून कन्फेशन (१९३७) हा चित्रपट के फ्रान्सिसला घेऊन काढला. मोस्काउ–शांघाय (१९३६), मादाम बोव्हारी (१९३७) व टँगो नॉटुर्नो (१९३७) हे तिचे अन्य जर्मन चित्रपट.

हे सर्व चित्रपट नाझी राजवटीत निघाले, हा तिच्या चरित्रातील वादग्रस्त भाग आहे. तिचे पूर्वज ज्यू असल्याच्या संशयावरून आरंभी तिला काम करण्यास मनाई करण्यात आली होती व नंतर ती उठविण्यात आली. हिटलरला माझुर्का हा चित्रपट आवडत असे. त्यावरून दोघांच्या संबंधांविषयी अफवा उठल्या. त्या छापणाऱ्या एका फ्रेंच नियतकालिकाविरुद्ध तिने दावा लावून तो जिंकला. तिने राजकीय प्रचारात भाग घेतला नाही, हे खरे असले, तरी जर्मनीत काम करण्याचा निर्णय तिचा होता व त्याची किंमत तिला प्रतिष्ठेच्या रूपाने मोजावी लागली. १९३८ मध्ये जर्मनी सोडून ती फ्रान्सला गेली. महायुद्धात फ्रान्सचा पाडाव झाल्यावर पोर्तुगालमार्गे १९४१ मध्ये ती अमेरिकेला परतली, तेव्हा तिची पूर्वीची संपत्ती व लोकप्रियता ही दोन्ही संपलेली होती.

हाय डिडल डिडल (१९४३) या विनोदी चित्रपटात तिने तामसी वृत्तीच्या ऑपेरा-गायिकेची भूमिका करून जणू स्वतःच्याच प्रतिमेची थट्टा केली. त्यानंतर ती चित्रपटांपासून दूर राहिली. सनसेट बूलेव्हार्ड (१९५०) या चित्रपटातील विस्मृतीत गेलेल्या मूकपट-तारकेच्या भूमिकेसाठी बिली वाइल्डरने तिच्याकडेही विचारणा केली होती व तिने नकार दिला. ती भूमिका पुढे ग्लोरिया स्वॉन्सनने गाजविली. १९५१ मध्ये तिला अमेरिकेचे नागरिकत्व मिळाले. १९५७ पासून टेक्सस राज्यातील सॅन अँटोनिओ येथे मार्गारेट वेस्ट या मैत्रिणीसमवेत तिचे वास्तव्य होते. वॉल्ट डिझ्नी संस्थेच्या द मून-स्पिनर्स (१९६४) या चित्रपटात चित्ता पाळणाऱ्या धनाढ्य स्त्रीची छोटी भूमिका तिने केली. तो तिचा अखेरचा चित्रपट होय. त्याच वर्षी जर्मन चित्रपटक्षेत्रातील कार्याबद्दल पश्चिम जर्मनीत तिचा सन्मान करण्यात आला. मेम्वार्स ऑफ अ स्टार (१९७०) हे तिचे आत्मचरित्र. ते वाचनीय असले, तरी त्यातील घटना इतर पुराव्यांशी ताडून पाहणे अभ्यासकांना आवश्यक वाटते. सॅन अँटोनिओ येथे वयाच्या नव्वदाव्या वर्षी तिचे निधन झाले. लॉस अँजेल्स येथील कॅल्व्हरी दफनभूमीत आईच्या शेजारी तिचे दफन करण्यात आले. आपला संग्रह तिने सॅन अँटोनिओच्या सेंट मेरीज विद्यापीठास दिला.

नेग्रीच्या मूकपटांपैकी अनेक नष्ट झाले आहेत. त्यामुळे दीर्घकाळ तिचे मूल्यमापन चित्रपटांवरून न होता वदंतांवरून होत राहिले. विसाव्या शतकाच्या अखेरीपासून मूकपटांच्या जतनाचे कार्य वाढल्यावर ही स्थिती पालटू लागली. पोलंडच्या राष्ट्रीय चित्रपट-संग्रहालयाने मानियाची जुनी प्रत मिळवून तिचे पुनरुज्जीवन केले व २०११ मध्ये ती वॉर्सात वाद्यवृंदाच्या साथीने दाखविण्यात आली. द स्पॅनिश डान्सर व फॉरबिडन पॅरडाइस यांच्याही सुधारित प्रती ॲम्स्टरडॅम व न्यूयॉर्क येथील संस्थांनी नंतर सिद्ध केल्या. त्यांतून पुढे येणारी नेग्री ही वृत्तपत्रांतील विलासी नायिकेपेक्षा वेगळी आहे. नृत्याने घडविलेले शरीर, क्षणात पालटणारी मुद्रा व विनोदाची जाण यांच्या बळावर शब्दांवाचून व्यक्तिरेखा उभी करणारी ती समर्थ अभिनेत्री होती. मूकपट ही सर्व देशांना समजणारी भाषा होती, या विधानाची सत्यता पटविणाऱ्या मोजक्या कलावंतांत तिची गणना करावी लागते.